हात-पाय-तोंडाचे फोड: घरात एकाला झाले की काय करायचे

पावसाळ्यात बालवाडीतल्या मुलाला ताप येतो, एक-दोन दिवसांत ते जेवायला नाही म्हणते, लाळ गळू लागते आणि मग तळहात, तळपाय, कधी गुडघे आणि ढुंगणावर लाल पुरळ उठते. घरातली वडीलधारी माणसे ‘कांजिण्या’ म्हणून मोकळी होतात. कांजिण्या मात्र पोट, पाठ, चेहऱ्यापासून सुरू होतात, फार खाजतात, आणि अंगावर नवे ठिपके, पाण्याचे फोड व खपल्या एकाच वेळी दिसतात. तळव्यांवर पुरळ आणि जिभेवर, गालांच्या आत फोड असतील, खाज बेताची असेल, तर बहुधा ‘हँड फूट माउथ’. खोकला, लाल डोळे आणि चढता ताप तीन-चार दिवस राहून कानामागून पुरळ उतरू लागले तर गोवराची शंका घ्या. तेव्हा डॉक्टरांना आधी फोन करून मगच दवाखान्यात जा, कारण गोवर हवेतून पसरतो. गुरांच्या लाळ्या-खुरकताशी (इंग्रजीत ‘फूट अँड माउथ’) नाव जुळते, पण तो विषाणू वेगळा. गोठ्यातल्या गायीला दोष देऊ नका.

हा आजार बहुतेकदा कॉक्सॅकी विषाणूंमुळे (ए१६, ए६) होतो, क्वचित एंटरोव्हायरस ७१ मुळे. लागण झाल्यापासून साधारण ३ ते ६ दिवसांनी लक्षणे दिसतात. थुंकी, शेंबूड, फोडातले पाणी आणि शी यांतून तो पसरतो. पहिल्या आठवड्यात मूल सर्वाधिक संसर्गजन्य असते, पण पुरळ गेल्यानंतरही शीमधून विषाणू कित्येक आठवडे बाहेर पडत राहतो. घरोघरी चूक होते ती इथेच. मूल खेळू लागले की हात धुण्याची शिस्त सुटते, आणि पंधरवड्याने धाकटे भावंड आजारी पडते.

या विषाणूला चरबीचे आवरण नसते, म्हणून अल्कोहोलचे सॅनिटायझर त्याच्यावर फारसे चालत नाही. साबण आणि वाहते पाणी, २० सेकंद, नखांसकट. लंगोट बदलल्यावर, मुलाची शी धुतल्यावर आणि स्वयंपाकाआधी तर हवेच. हे किमान महिनाभर पाळा. खेळणी, नळाची चावी, दाराची कडी आधी साबणाने धुवा. मग १ लिटर पाण्यात ४ ते ५ टक्क्यांचे घरगुती द्रव ब्लीच २० मिली (चहाचे ४ चमचे) घालून पुसा आणि १० मिनिटांनी स्वच्छ पाण्याने धुऊन टाका. मळ असलेल्या जागी ब्लीचची ताकद वाया जाते. द्रावण रोज ताजे करा. संडास साफ करायच्या ॲसिडमध्ये ते कधीच मिसळू नका, विषारी वायू होतो. आणि टॉवेल! गोव्यातल्या जून-जुलैत ते वाळतच नाहीत, मग सगळे घर एकच ओलसर टॉवेल वापरते. आजारी मुलाचा टॉवेल आणि पेला वेगळा ठेवा.

औषधाने हा आजार जात नाही, ७ ते १० दिवसांत आपोआप बरा होतो. प्रतिजैविकांचा उपयोग नाही. फोड फोडू नका. खरी लढाई पाणी पोटात जाण्याची. पॅरासिटामॉल किलोमागे १० ते १५ मिग्रॅ, दोन डोसांत ४ ते ६ तास अंतर, दिवसाला ४ पेक्षा जास्त डोस नाही. १२ किलोच्या मुलाला १८० मिग्रॅ म्हणजे ५ मिलीत १२० मिग्रॅवाल्या सिरपचे ७.५ मिली, पण २५० वाल्याचे ३.६ मिलीच. बाटली वाचल्याशिवाय माप ओतू नका. थेंबांचे औषध तर १ मिलीत १०० मिग्रॅचे असते. तीन महिन्यांखालच्या बाळाला ताप असेल तर स्वतः औषध न देता डॉक्टरांना दाखवा. ॲस्पिरिन मुलांना नको.

डोसनंतर अर्ध्या तासाने खायला द्या: गार पेज, नाचणीचे तिजाण, दही, शहाळ्याचे पाणी. पेजेबरोबर लोणचे नको, सोलकढीही नको. आंबट-तिखट फोडांना झोंबते. बाटलीने चोखताना दुखते, तेव्हा चमच्याने दर दोन-तीन मिनिटांनी ५ मिली पाजा. अंगावर पिणाऱ्या बाळाचे दूध थांबवू नका.

शाळेत परत कधी? ताप उतरल्यावर आणि फोड सुकल्यावर. गणेश चवथीला मूळ घरी पोरांचा मेळा जमतो. ताप असलेल्या पोराला तिथे नेऊ नका.

८ तास लघवी नाही, ताप ३ दिवसांवर टिकला, उलट्या थांबत नाहीत, झोपेत अंग दचकते, चालताना झोक जातो, मूल निपचित पडते किंवा श्वास जोरात चालतो, तर घरी वाट पाहू नका. जवळच्या सरकारी इस्पितळात किंवा बांबोळीच्या गोमेकॉत (गोवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या इस्पितळात) न्या, गाडी नसेल तर १०८ ला फोन लावा. महिना-दोन महिन्यांनी एखादे नख सुटून आले तर मात्र घाबरू नका. ते या आजारानंतर होते, खाली नवे नख येत असते.