समुद्रावर कविता लिहायचीय? मग ओहोटीला जा

अथांग, निळाशार, फेसाळ हे शब्द आधी खोडा, सगळ्यांचे वापरून झालेत. मग ओहोटीला किनाऱ्यावर जा, मोबाईल खिशातच ठेवा. भरती रोज साधारण 50 मिनिटं उशिरा येते, अमावस्या-पौर्णिमेला उधाण आणि अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे पाणी फार चढतही नाही नि उतरतही नाही, हे माहीत नसलं की कवितेत अष्टमीला उधाण येतं (माझ्या आलं होतं, एका काकांनी भर कार्यक्रमात पकडलं!). गाज (लाटांचा आवाज), पुळण (वाळूचा किनारा), रापण (किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं), सुकती (ओहोटी) असले शब्द कानावर पडू द्या, पण एका कवितेत एखादाच घाला, नाहीतर शब्दकोश होतो. मी एकदा नुसत्या खेकड्याने बिळाबाहेर टाकलेल्या वाळूच्या गोळ्या बघत बसलो, चार ओळी झाल्या, त्यात समुद्र हा शब्दच नाही.