जुन्या क्लबाच्या वास्तूचा इतिहास कसा शोधावा : अपोलो बंदरावरील यॉट क्लब

शहराच्या मध्यवर्ती भागातील एखाद्या जुन्या क्लबाच्या वास्तूचा इतिहास लिहावयास घेताना संस्था आणि इमारत यांच्या कुंडल्या प्रथम वेगवेगळ्या मांडाव्यात. रॉयल बॉम्बे यॉट क्लबची स्थापना १८४६ सालची आहे. परंतु अपोलो बंदरावरील त्याचे मूळ क्लबगृह पुष्कळ नंतर उभे राहिले, आणि जॉन अ‍ॅडम्स यांनी आखलेली निवासी इमारत १८९६ साली पूर्ण झाली. आज क्लब या निवासी इमारतीत आहे, तर मूळ क्लबगृह ‘ओल्ड यॉट क्लब’ या नावाने अणुऊर्जा विभागाकडे आहे. एकाचे साल दुसऱ्याला चिकटवण्याची चूक याच टप्प्यावर टाळता येते.

त्यानंतर कागदपत्रांकडे वळावे. १९०९-१० मध्ये तीन खंडांत प्रसिद्ध झालेले मुंबई शहराचे गॅझेटियर ही सोयीची सुरुवात आहे. जमीन कोणाची होती आणि ती कोणत्या अटींवर दिली गेली, या प्रश्नांसाठी काळाघोड्याजवळ एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत असलेल्या राज्य पुराभिलेखागारातील सरकारी दप्तरे पाहावीत. जुन्या मराठी मजकुरात हीच जागा ‘पालवा बंदर’ म्हणून येते, तर आजचा पत्ता छत्रपती शिवाजी महाराज मार्ग असा आहे. म्हणून सूचीत सर्व नावांनी शोध घ्यावा.

छायाचित्रांवर बहुधा साल नसते, आणि असले तरी ते विक्रेत्याने अंदाजाने घातलेले असू शकते. अशा वेळी क्लबगृहाच्या आसपास काय दिसते ते पाहावे. ताजमहाल हॉटेल १९०३ साली उघडले. गेटवे ऑफ इंडियाची कोनशिला ३१ मार्च १९१३ रोजी बसवली गेली आणि ४ डिसेंबर १९२४ रोजी त्याचे उद्घाटन झाले. चित्रात ताज पूर्ण दिसत असेल आणि गेटवेच्या जागी अद्याप काहीच नसेल, तर ते साधारणपणे ताज उघडणे आणि गेटवेचे बांधकाम वर येणे यांच्या दरम्यानचे मानता येते. मात्र एखादी इमारत दिसत नाही एवढ्यावरून निष्कर्ष काढण्यापूर्वी, त्या कोनातून ती मुळात दिसली असती का, हे प्रत्यक्ष जागेवर उभे राहून तपासावे. हे काम कंटाळवाणे आहे, पण याला पर्याय नाही.

क्लबाच्या स्वतःच्या स्मरणिकेत शर्यती, चषक आणि मेजवान्या भरपूर सापडतात. दाराबाहेर कोणाला ठेवले होते, याबद्दल ती सहसा मौन पाळते. हा क्लब दीर्घकाळ युरोपीयांचाच होता. मुंबईचे तेव्हाचे गव्हर्नर लॉर्ड विलिंग्डन यांच्या भारतीय पाहुण्यांना येथे प्रवेश नाकारला गेला आणि त्यातून १९१८ साली भारतीयांनाही सभासदत्व देणारा विलिंग्डन क्लब निघाला, ही गोष्ट मुंबईत वेगवेगळ्या तपशिलांनी सांगितली जाते. असा किस्सा आख्यायिका म्हणूनच नोंदवावा आणि त्याच्या शेजारी सभासदत्वाचे छापील नियम व त्यांतील दुरुस्त्यांच्या तारखा ठेवाव्यात. वजन नियमांना द्यावे.

शेवटी, क्लब बाहेर पडल्यानंतर वास्तूत काय घडले हे सविस्तर लिहावे. टाटा मूलभूत संशोधन संस्था १९४५च्या अखेरीस पेडर रोडवरील ‘केनिलवर्थ’ बंगल्यात आली, १९४९ साली याच जुन्या क्लबगृहात हलली आणि १९६२ साली कुलाब्यातील नव्या वास्तूचे उद्घाटन होईपर्यंत होमी भाभा यांच्या नेतृत्वाखालील संशोधनाचा मोठा भाग येथे पार पडला. माझ्या मते या वास्तूच्या इतिहासातील सर्वांत महत्त्वाचे प्रकरण हेच आहे, आणि त्याची साधने क्लबाकडे न शोधता त्या संस्थेच्या अभिलेखागारात शोधावीत. इमारत आजही सरकारी कार्यालयाच्या ताब्यात असल्याने आत जाण्यासाठी किंवा छायाचित्रे घेण्यासाठी आधी लेखी परवानगी मागावी, आणि अर्जात कोणता भाग, कशासाठी पाहावयाचा आहे हे नेमके लिहावे.