एडिटिंग नाहीच असं धरून एकांकिका शूट करताना: फ्लोअरवरची कामं

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, तेव्हा व्हिडिओ टेप महाग होती आणि एडिटिंग किचकट. स्टुडिओतली नाटकं, मुलाखती तीन कॅमेऱ्यांवर सलग व्हायच्या. पुढे म्हैसमाळ आणि अंबाजोगाईच्या मनोऱ्यांवरून हे चित्र मराठवाड्यात पोचलं, पण लोकांना दिसले ते नट आणि निवेदक. शॉट सांभाळणारी माणसं कॅमेऱ्यामागेच राहिली. त्यांची शिस्त आज कॉलेजच्या हॉलमध्येही जशीच्या तशी चालते.

वीस मिनिटांच्या एकांकिकेला अकरा माणसं लागतात: दिग्दर्शक, स्विचरवाला (स्विचर म्हणजे कोणत्या कॅमेऱ्याचं चित्र घ्यायचं ते बदलणारं यंत्र), स्क्रिप्ट आणि घड्याळ बघणारा, फ्लोअर मॅनेजर, तीन कॅमेरामन, दोन केबलवाले, बूमवाला (लांब दांड्यावरचा माइक धरणारा), लाइटवाला. उरलेल्या पोराच्या हातात केबल द्यायची, ही सर्रास होणारी चूक. केबलला जागरूक माणूस द्या, कारण कॅमेऱ्याचं चित्र स्विचरकडे नेणाऱ्या एचडीएमआय केबलच्या पिनला लॉक नसतं. कॅमेरा हातभर पुढे गेला आणि केबल ताणली गेली की पिन सैल होते, स्विचरवर चित्र काळं. कॅमेऱ्याजवळ केबलचा सैल वळसा ठेवून ती ट्रायपॉडला बांधा. केबलवाल्याने नजर कॅमेरामनच्या पायांवर ठेवायची, नाटकावर नाही. एक नंबरचा कॅमेरा डावीकडे, तीन नंबरचा उजवीकडे. जागा अदलाबदल झाली की केबलींचा गुंता ठरलेलाच. दहा मीटरपुढे साध्या एचडीएमआय केबलचा भरवसा नाही. तिथे कन्व्हर्टर लावून एसडीआय, म्हणजे लांब अंतराला चालणारी व्हिडिओ केबल ओढा.

आधी कागद. सगळ्या शॉटना सलग नंबर द्या आणि प्रत्येक कॅमेरामनला फक्त त्याच्या शॉटचं कार्ड करून कॅमेऱ्याला अडकवा: '१७: सुमन, क्लोज; २१: दार, लाँग'. तालमीत नवा शॉट सुचला तर त्याला १७-अ म्हणा. पुढचे नंबर बदलले की कुणाच्या तरी कार्डावर जुनाच आकडा राहतो आणि दिग्दर्शक भलत्याच कॅमेऱ्याला हाक मारतो. हाकही ठरलेली हवी: 'दोन तयार... दोन.' तयार न म्हणता कापू नका, म्हणजे दुसऱ्या कॅमेऱ्याच्या चित्रावर जाऊ नका, आणि ज्याचं चित्र चालू आहे त्याने कॅमेरा हलवू नये.

तिन्ही कॅमेरे सेकंदाला २५ फ्रेमवर, शटर १/५० सेकंदावर. आपली वीज ५० हर्ट्झची. शटर भलतं ठेवलं तर एलईडीच्या उजेडात पट्टे दिसतात. व्हाइट बॅलन्स, म्हणजे पांढरं पांढरंच दिसावं म्हणून केलेली रंगांची जुळणी, तिन्हींवर एकाच पांढऱ्या कागदावर, एकाच दिव्याखाली. ऑटोवर ठेवलं तर त्याच नटाचा चेहरा एका कॅमेऱ्यात पिवळा, दुसऱ्यात निळा.

फ्लोअर मॅनेजरचं काम सगळ्यात नाजूक. दिग्दर्शकाचा आवाज त्याच्या कानात येतो, नटांना तो ऐकू येत नाही. नटांना त्याचे हात दिसतात. म्हणून त्याने चालू कॅमेऱ्याच्या लेन्सशेजारी उभं राहायचं, म्हणजे नटाची नजर भटकत नाही. हात वर म्हणजे तयार, खाली म्हणजे सुरू. दोन बोटं म्हणजे दोन मिनिटं उरली, मनगटं एकमेकांवर आडवी म्हणजे अर्धं मिनिट. हात गोल फिरवला की आवरा, दोन्ही हातांनी ताणल्यासारखं केलं की लांबवा. ह्या खुणा पहिल्या तालमीपासून वापरा. कानातल्या संपर्कासाठी वायरचा इंटरकॉम उत्तम. फोनवरच्या कॉलला उशीर होतो, आणि त्या उशिरात शॉट निघून जातो.

नटांच्या जागा खडूने आखू नका, पुसल्या जातात. फरशी ओल्या फडक्याने पुसून वाळवा आणि मगच कापडी टेप लावा, नाहीतर धुळीमुळे ती निघते. प्रत्येक नटाला वेगळा रंग.

बूमची सावली भिंतीवर पडते ती बहुतेक वेळा मुख्य दिवा बूमच्या रेषेतच लागल्यामुळे. दिवा बूमच्या दांड्याला साधारण काटकोनात आणा, सावली फ्रेमबाहेर जाते. ती चालू शॉटमध्ये दिसलीच तर बूम झटकन उचलू नका. हललेली सावली जास्त डोळ्यांत भरते.

एप्रिल-मे महिन्यांत पत्र्याच्या हॉलमध्ये पंखे बंद करून शूट करणं ही शिक्षाच. तालीम पंख्यात करा, शूट पहाटे ठेवा. लग्नसराईत बँड सुरू होण्याआधी काम उरकतं. जनरेटर भिंतीआड, जमेल तितका लांब. स्विचर आणि रेकॉर्डर यूपीएसवर हवेतच. लाइट गेली की बॅटरीवरचे कॅमेरे चालू राहतात, पण स्विचर बंद पडतो आणि सलग रेकॉर्डिंग तिथेच तुटतं. मोठे दिवे त्या यूपीएसला लावू नका, ओव्हरलोडने तो लगेच कापतो.

श्रेयनामावली तालमीच्या दिवशीच टाइप करून ठेवा, केबलवाले आणि बूमवाल्यासह. शूट संपल्यावर घाईत लिहिली की हीच नावं गळतात.