मराठी संकेतस्थळावर भाषांतराची पट्टी येते? या चुका टाळा

मराठी मजकुराच्या पानावर ‘भाषांतर करायचे का?’ अशी पट्टी दाखवण्यापूर्वी क्रोम दोन गोष्टी पडताळतो: पानाची भाषा कोणती, आणि ती वाचकाच्या ब्राउझरमधील भाषांच्या यादीत आहे का. यांपैकी गफलत कुठे आहे हे न पाहताच उपाय सुरू करणे, ही पहिली चूक.

दुसरी चूक फारच सर्रास आढळते. पट्टीवरील तीन ठिपक्यांतून ‘या साइटचे भाषांतर कधीही करू नका’ हा पर्याय संकेतस्थळाचा मालक स्वतःच निवडतो, पट्टी नाहीशी होते आणि काम झाले असे त्याला वाटते. वास्तविक ती केवळ त्याच्याच ब्राउझरमधून गेलेली असते. म्हणून कोणताही बदल वेगळ्या प्रोफाइलमध्ये किंवा दुसऱ्याच्या फोनवर तपासावा.

खरी मेख बहुधा पानाच्या कोडमधील अगदी वरच्या एचटीएमएल टॅगमध्ये, म्हणजे खुणेमध्ये, असते. तेथील ‘लँग’ या गुणधर्मात पानाची भाषा सांगायची असते, पण इंग्रजी थीम (साइटचा तयार साचा) जशीच्या तशी वापरली की तिथे ‘ईएन’ हा इंग्रजीचा संकेत राहून जातो आणि मजकूर मराठी असूनही पान स्वतःला इंग्रजी म्हणवते. कंट्रोल आणि यू ही बटणे एकत्र दाबून पानाचा सोर्स पाहिला, की हे लगेच कळते. वर्डप्रेस या संकेतस्थळे बनवण्याच्या प्रणालीत ‘जनरल’ सेटिंगमधील साइटची भाषा मराठी केली की हा संकेत सहसा आपोआप बदलतो. बदलला नाही, तर तो थीमच्या हेडर फाइलमध्ये हाताने लिहिलेला आहे असे समजावे. डॅशबोर्डही मराठीत जाईल या धास्तीने अनेकजण ही सेटिंग टाळतात, परंतु 2016 च्या अखेरीस आलेल्या 4.7 या आवृत्तीपासून प्रत्येक वापरकर्त्याला स्वतःच्या प्रोफाइलमध्ये डॅशबोर्डची भाषा स्वतंत्रपणे निवडता येते, त्यामुळे ती धास्ती निराधार आहे.

मराठीचा संकेत ‘एमआर’ हा आहे. गाड्यांच्या नंबरप्लेटवरून ‘एमएच’ लिहिण्याचा मोह होतो, पण तो संकेत पॅसिफिकमधील मार्शल बेटांच्या भाषेचा आहे! संकेत दुरुस्त केल्यावर कॅशे प्लगइनमधील (पानांच्या तयार प्रती साठवणाऱ्या जोडणीतील) जुनी पाने पुसायला विसरू नये.

संकेत न तपासता थेट ‘नोट्रान्सलेट’ हा, पानाचे भाषांतर करू नये असे सांगणारा मेटा टॅग टाकणे मला घाईचे वाटते. पट्टी त्याने थांबते खरी, पण चुकीचा संकेत तसाच राहतो आणि अंध वाचकांचे स्क्रीन रीडर मराठी मजकूर इंग्रजी उच्चारांनी वाचू लागतात. शिवाय परदेशात वाढलेल्या, मराठी अडखळत वाचणाऱ्या पिढीची सोयही जाते. हा टॅग गूगलच्या नावाचा असल्याने सर्व ब्राउझर तो पाळतीलच असेही नाही. म्हणून जिथे खरोखर गरज आहे तिथे, म्हणजे व्यक्तिनामे किंवा कोडचे नमुने यांसारख्या भागांपुरता, ‘ट्रान्सलेट’ हा प्रमाणित गुणधर्म ‘नो’ ठेवावा. रिॲक्ट या जावास्क्रिप्ट लायब्ररीवर चालणारे अर्ज मात्र याला अपवाद आहेत: भाषांतर करताना क्रोम मजकुराभोवती ‘फॉन्ट’ टॅग घालतो, रिॲक्टला आपली मूळ रचना सापडत नाही आणि अर्ज भरतानाच पान कोसळू शकते. तिथे संपूर्ण पानावर बंदी घालणे रास्त आहे.

एवढे करूनही एखाद्या वाचकाला पट्टी दिसत राहिली, तर त्याच्या क्रोमच्या भाषांच्या यादीत मराठी नसण्याची शक्यता अधिक. सेटिंगमधील ‘भाषा’ विभागात त्याने मराठी जोडावी आणि ज्या भाषांचे भाषांतर सुचवू नये, त्या यादीतही ती घालावी.