वाळूची गाडी जप्त झाल्यावर : कुठे जायचं, काय तपासायचं

गाडी पकडली की आधी एवढंच विचारा : ती महसूलच्या ताब्यात आहे की पोलिसांच्या? तहसीलच्या आवारात उभी असेल तर अर्ज प्रांताकडे (उपजिल्हाधिकारी दर्जाचे उपविभागीय अधिकारी), पोलीस ठाण्यात मुद्देमाल म्हणून असेल तर न्यायालयात. चुकीच्या दारात महिना जातो. तोवर बॅटरी उतरते आणि हप्ते मात्र चालूच राहतात.

महसूलची कारवाई महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48 खाली होते. त्यात दंड दोन आहेत, आणि बहुतेक गाडीमालक ते एकच समजतात. पोटकलम (7) चा दंड वाळूचा, बाजारमूल्याच्या पाच पटीपर्यंत. पोटकलम (8) चा गाडीच्या सुटकेचा : ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख, डंपरला 2 लाख. नोटिशीत दोन्ही आकडे वेगळे दाखवलेत का बघा.

वाळूचा दंड ठरतो ब्रासवर, आणि खरी गडबड तिथेच असते. पंचनाम्यात 'अंदाजे 2 ब्रास' लिहून मोकळे होतात. 1 ब्रास म्हणजे 100 घनफूट. ट्रॉली 10 फूट लांब, 6 फूट रुंद आणि वाळूचा थर दीड फूट असेल तर 90 घनफूट, म्हणजे 0.9 ब्रास. दंड दुपटीहून जास्त लागला! म्हणून गाडी रिकामी करण्याआधी पंचांसमोर मोजमाप करण्याची लेखी मागणी करा आणि अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या.

पंचनाम्यात जप्तीची वेळही वाचा. जप्ती तहसीलदार किंवा त्याहून वरच्या अधिकृत महसूल अधिकाऱ्याने करायची असते. नुसत्या तलाठ्याची सही असेल तर तो मुद्दा नोटिशीच्या उत्तरात पहिला घ्या. जप्तीपासून 48 तासांत गाडी जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जा नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करावी लागते. 48 तासांत गाडी सुटते असा याचा अर्थ नाही, तरी लोक तसं धरून बसतात. मात्र गाडीच्या सुटकेचा दंड तहसीलदारानेच लावला असेल तर आदेशाच्या अधिकारकक्षेवरच बोट ठेवता येतं.

सुटकेच्या अर्जाला आरसी, विमा, मालकाचं ओळखपत्र, पंचनाम्याची प्रत आणि वाळू वाहतुकीचा पास असेल तर तो जोडा. दंडाबरोबर जातमुचलका म्हणजे स्वतःचं हमीपत्रही लागतं : ही गाडी पुन्हा अशा कामाला वापरणार नाही, असा. मुचलक्याच्या रकमेची मर्यादा गाडीची बाजारातली किंमत. दंड भरायचाच असेल तर 'अपिलाचा हक्क राखून' असं अर्जात लिहूनच भरा. पासची मुदत संपलेली असणं किंवा गाडी नंबर न जुळणं हे नेहमीचे दोष. मागाहून पास तयार करण्याच्या फंदात पडू नका; बनावट कागदाचा वेगळा गुन्हा ओढवतो.

आदेश पटला नाही तर कलम 247 खाली अपील : तहसीलदाराच्या आदेशाविरुद्ध प्रांताकडे, प्रांताच्या आदेशाविरुद्ध जिल्हाधिकाऱ्यांकडे. मुदत 60 दिवस. नक्कल मिळायला लागलेला वेळ त्यातून वजा होतो, म्हणून नकलेचा अर्ज त्याच दिवशी टाका. अपील केलं म्हणून वसुली थांबत नाही. स्थगितीचा अर्ज सोबत हवाच. अधिकारच नव्हता किंवा म्हणणंच ऐकलं नाही, असं असेल तर उच्च न्यायालयात रिट. एरवी 'आधी अपील करा' हेच ऐकावं लागतं.

पोलिसांनी चोरीचा गुन्हा, म्हणजे भारतीय न्याय संहितेचं कलम 303(2), लावला असेल तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 किंवा 503 खाली अर्ज करायचा. न्यायालय पोलिसांचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, मागवतं. सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्येच सांगितलंय की वाहनं ठाण्यात सडवत ठेवू नयेत. फोटो, पंचनामा आणि हमी घेऊन सोडावीत. सुपुर्दनाम्यात, म्हणजे गाडी ताब्यात घेताना द्यायच्या हमीपत्रात, गाडी विकायची नाही, बोलावलं की हजर करायची, अशा अटी येतात. खाण व खनिज कायदा, 1957 चं कलम 21 लागलं असेल तर गाडी सरकारजमा होऊ शकते, त्यामुळे अर्ज कोणत्या न्यायालयात चालेल ते वकिलाकडून आधी पक्कं करा. महसूलकडे तडजोडीची रक्कम भरली तरी चोरीचा खटला आपोआप संपत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 2020 च्या जयंत प्रकरणापासून हे स्पष्ट आहे.

रात्री गाडी काढून नेली तर सरकारी ताब्यातून चोरी केल्याचा नवा गुन्हा. आदेश हातात घेऊनच जा, आणि 'गाडी मिळाली' अशी सही करण्याआधी टायर, बॅटरी, जॅक, डिझेल मोजा. कमी असेल ते पोचपावतीवरच लिहा.