विमा कायद्याच्या वादात कामगारसंख्या कशी सिद्ध करावी

कर्मचारी राज्य विमा कायदा, १९४८ आपल्याला लागू होत नाही असे म्हणणाऱ्या लहान कारखानदाराला हमखास सल्ला मिळतो, की वर्षाची सरासरी काढून दाखवा. तो ऐकू नका. कलम २(१२) सरासरी पाहत नाही. मागील बारा महिन्यांत कोणत्याही एका दिवशी दहा किंवा अधिक व्यक्ती कामावर होत्या का, एवढेच पाहते. (या कायद्याची जागा घेणारी सामाजिक सुरक्षा संहिता लागू होण्यापूर्वीच्या काळातील कारखान्यांच्या वादांपुरताच हा लेख आहे.)

हजेरीपट, पगारपत्रके, बँकेचे उतारे आणि खर्चाची खातेवही एकत्र करा.

आता खरे अवघड काम. ज्या दिवशी सर्वाधिक माणसे कामावर होती, तो दिवस स्वतः शोधा आणि त्या दिवसाचा नावनिहाय तक्ता करा : नाव, काम, पैसे कोणी दिले, काम कोणाच्या देखरेखीखाली झाले आणि प्रत्येक गोष्टीला आधार कोणत्या कागदाचा. वाद संख्येचा दिसतो, पण निकाल प्रत्येक नावावर लागतो. नैमित्तिक कामगार वगळू नका. साउथ इंडिया फ्लोअर मिल्स प्रकरणात (१९८६) सर्वोच्च न्यायालयाने त्यांनाही कायद्याच्या कक्षेत धरले आहे. पगार घेणारा भागीदार मात्र कर्मचारी नव्हे, हे रामानुज मॅच इंडस्ट्रीजच्या निकालाने (१९८५) स्पष्ट केले. उलट कंपनीचा पगारी व्यवस्थापकीय संचालक एपेक्स इंजिनिअरिंगच्या निकालानुसार कर्मचारी ठरू शकतो. दरमहा २१,००० रुपयांपेक्षा अधिक वेतन असलेल्यांची नावे काढून टाकण्याचा सल्ला तर सरळ घातक आहे, कारण त्यांचे अंशदान (विम्याची वर्गणी) भरावे लागत नसले तरी कारखान्याच्या व्याख्येत मोजायच्या असतात त्या व्यक्ती, विमाधारक नव्हेत.

सर्वाधिक घात खातेवही करते. ‘मजुरी’, ‘हमाली’, ‘दुरुस्ती’ अशा मोघम नोंदींवरून विमा महामंडळाचे अधिकारी माणसे मोजू पाहतात, आणि त्या रकमेमागे बाहेरच्या कारागिराचे बिल नसेल तर तोंडी खुलासा टिकत नाही. म्हणून प्रत्येक नोंदीला व्हाउचर, बिल आणि शक्य असल्यास त्या कारागिराचे शपथपत्र जोडा. ठेकेदाराची माणसे आपल्याच आवारात आपल्या कामावर असतील, तर ती आपली नाहीत या युक्तिवादात वेळ दवडू नका. रॉयल टॉकीजच्या निकालाने (१९७८) चित्रपटगृहातील उपाहारगृह आणि सायकल स्टँडवरील माणसेही मोजली गेली.

तपासणीच्या दिवशी सामाजिक सुरक्षा अधिकारी जी यादी करतो, तिच्यावर न वाचता सही करू नका. यादीत पाहुणा, ग्राहक किंवा शेजारच्या गाळ्यातील कामगार असेल, तर त्या नावासमोरच हरकत लिहा, यादीची प्रत मागा आणि तीच हरकत त्याच आठवड्यात नोंदणीकृत टपालाने पाठवा. वर्षभराने न्यायालयात प्रथमच घेतलेल्या हरकतीवर विश्वास बसणे कठीण असते.

एकदा कायदा लागू झाल्यावर माणसे कमी झाली म्हणून सुटका होत नाही. कलम १(६) तसेच सांगते, आणि २०२३ मध्ये राधिका थिएटरच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते ठामपणे लागू केले. म्हणून तक्त्यात खरोखरच दहा नावे निघाली, तर अंशदान भरा. त्या कामगारांना उपचार आणि आजारपणातील भत्ता मिळणे हा त्यांचा हक्क आहे, आणि उशिराच्या रकमेवर वार्षिक १२ टक्के व्याजही चढते.

नऊच निघाली, तर सी-१८ नोटिशीच्या (अंशदानाच्या मागणीची कारणे दाखवा नोटीस) सुनावणीत हा तक्ता कागदांसह दाखल करा. अंशदानाची रक्कम ठरवणारा कलम ४५अ चा आदेश विरुद्ध गेल्यास कलम ४५अअ खाली ६० दिवसांत अपील करता येते, त्यासाठी किमान २५ टक्के रक्कम भरावी लागते; कर्मचारी विमा न्यायालयात गेल्यास ५० टक्के, परंतु ती कमी किंवा माफ करण्याचा अर्ज मूळ अर्जासोबतच द्या.