‘डमी’ ऐकताना सारखी सुई पुसू नका

पोर्टिसहेड या ब्रिटिश बँडचा ‘डमी’ (१९९४) हा अल्बम तबकडीवर पहिल्यांदा लावला तेव्हा खरखर ऐकून मी तीनदा सुई पुसली. उगाच! ब्रिस्टलच्या या मंडळींनी स्वतः वाजवलेलं संगीत आधी तबकडीवर कोरून घेतलं, ती तबकडी मुद्दाम झिजवली आणि मग त्यातून तुकडे उचलले. त्यामुळे २४ बिटच्या, म्हणजे उच्च दर्जाच्या डिजिटल फाइलमध्येही खरखर राहणारच.

मग आपली धूळ कशी ओळखायची? गाण्यातली तीच जागा तबकडीवर आणि फाइलमध्ये, दोन्हीकडे ऐका. टिकटिक दोन्हीकडे असेल तर त्यांची, फक्त तबकडीवर असेल तर तुमची. कार्बन फायबरचा ब्रश फिरत्या तबकडीवर हलकेच टेकवा, दाबू नका. तुलनेआधी दोन्हींचा आवाज सारखा करा. जे मोठं वाजतं तेच चांगलं वाटतं, मीही फसलोय.

खरी परीक्षा ‘ग्लोरी बॉक्स’ या शेवटच्या गाण्याची. तबकडीच्या आतल्या खाचा सुईखालून बाहेरच्यांपेक्षा बऱ्याच हळू सरकतात, म्हणून गायिका बेथ गिबन्सचे ‘स’ तिथे फाटू शकतात. सुईचा भार कार्ट्रिजच्या (सुई बसवलेल्या भागाच्या) माहितीपत्रकात दिलाय तेवढाच ठेवा. मी छोट्या डिजिटल काट्यावर मोजतो. तरीही फाटलं, तर सुईचा कोन तपासा.

रात्री हेडफोनवर मात्र मी फाइलच लावतो. शेजारी झोपलेले असतात.